न ऐकण्याचा नवस

३ मे, शनिवार

आज सकाळी काय केलं ते इथं लिहून ठेवतो. दुसऱ्या कुणाला सांगता येणार नाही.

पहाटे बैलांना वैरण टाकली. लुसेरोच्या खुराला मलम लावलं. बायको, नेरेयदा, उठायच्या आत हिगुए गावाला जाणारी पहिली गाडी धरली. तिला वाटलं असणार, साखर कारखान्यावर गेलो. आल्ताग्रासिया मातेच्या चर्चमध्ये आजही रांग. माझ्यापुढे एक बाई गुडघ्यांवर चालत निघालेली, तिचा नवरा शेजारून छत्री धरून. तसबिरीपाशी पोचलं की काचेवर हात टेकवण्यापुरताच वेळ मिळतो, मागचे लोक ढकलतात. तेवढ्यात बोलून घेतलं.

म्हटलं, माते, माझ्या एस्मेर्लिनला वरच्या संघात जाऊ दे. तो जाईपर्यंत त्याचा एकही सामना मी कानाला लावणार नाही.

बोललो खरं! बाहेर येऊन पायरीवर बसलो. वाटलं, परत आत जावं आणि म्हणावं, माते, दुसरं काहीतरी घे. पण दुसरं काय? रम मी पीत नाही. तंबाखू कधीच सुटली. कोंबड्यांच्या झुंजी मला बघवत नाहीत. सोडावं असं माझ्याकडे एवढंच निघालं.

एस्मेर्लिन, म्हणजे आमचा लिन, आयोवात आहे. हार्लन फोर्क नावाचं गाव, तिथल्या बेसबॉल संघात तो पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, आणि तोही शेवटच्या डावांत येणारा. म्हणजे रोज येईलच असं नाही, आणि आला तर जेमतेम दहा मिनिटं. त्या दहा मिनिटांसाठी मी पूर्ण सामना ऐकतो, त्यानंच पाठवलेल्या फोनवर. आमच्या टॉवरला चित्र झेपत नाही, पण त्यांच्या रेडिओचा आवाज येतो. त्यांच्या मक्यातून निघून थेट आमच्या उसात!

तिथं त्याचं नीट चाललेलं नाही. एप्रिलभर मार खाल्ला. परवा गावच्या दुकानात आमचा बिएन्वो सगळ्यांसमोर म्हणाला, "एव्हारिस्तोनं फोनला कान लावला की पोराचा चेंडू भरकटतो. पांढऱ्या पायाची माणसं ऐकली होती, हा पांढऱ्या कानाचा!" सगळे हसले. मीही हसलो.

नवस बिएन्वोच्या बोलण्यामुळे नाही. निदान फक्त त्यामुळे नाही. मातेला माहीत आहे.

४ मे, रविवार

गावच्या चर्चमध्ये मिस्सेची प्रार्थना झाली, मी घंटेचा दोर बांधून ठेवला, आणि सामन्याच्या आधी फोन चेंचोच्या दुकानात नेऊन दिला. घरात राहिला असता तर हात गेलाच असता.

"हे काय, कुंपाद्रे?" चेंचोनं विचारलं. लिनचा धर्मबाप तो. लिनच्या बाप्तिस्म्यापासून आम्ही एकमेकांना कुंपाद्रेच म्हणतो.

"सामना होईपर्यंत तुझ्याकडे राहू दे. तुम्ही ऐका. मी संध्याकाळी नेतो."

"आणि तू?"

"मला काम आहे."

"रविवारी? अरे, आज तुझ्या बैलांनासुद्धा सुट्टी आहे!"

बिएन्वो डॉमिनोच्या टेबलावरून उठून आला. चेहरा पडला होता. "एव्हारिस्तो, मी गमतीनं बोललो रे." मग जरा थांबून म्हणाला, "पण ठेव, ठेव. बघू तर खरं काय होतं ते."

घरी येऊन मागच्या अंगणात बसलो. दुकान आणि आमचं अंगण यांच्या मध्ये एक गल्ली आणि चर्चची भिंत. शेंगा सोलत बसलो. बराच वेळ फक्त डॉमिनोच्या ठोकळ्यांची फटफट. मग एकदम आरोळी! पुन्हा! आणि तिसऱ्यांदा तर पत्र्यावर कुणीतरी हात आपटले.

बिएन्वो धावत कुंपणापाशी आला. "तीन आले, तीन गेले! एकाचीही बॅट लागली नाही! तू असाच घरी बस, एव्हारिस्तो. रोजची कॉफी माझ्याकडून!"

आता हे ओरडणं माझ्या कानावर येतं, त्याला मी काय करू? कानाला लावणार नाही एवढंच बोललो होतो. डोळे मिटता येतात, कान मिटता येत नाहीत. माते, एवढं पदरात घे.

६ मे, मंगळवार

दुकान गप्प. म्हणजे लिन मैदानात आला नाही.

९ मे, शुक्रवार

ऊस संपत आला. शेवटच्या गाड्या. बैलही ओळखतात, पावलं हलकी टाकतात.

संध्याकाळी सामना सुरू झाला तेव्हा चर्चच्या वाती कापत होतो. सारखी आठवण येत होती. मला नेमकं काय आठवतं, त्याचं नवल वाटतं. बाद करणं आठवत नाही, काही घडत नाही तेव्हाचं आठवतं. दोन चेंडूंमधली शांतता. कुणी शिट्टी मारतं, कुणी लिंबू सरबत विकतं, लांबून आगगाडी जाते. आणि रेडिओवर सामना सांगणारा तो माणूस एकटाच बसून बोलत असतो, जणू ओट्यावर कुणी शेजारी आलाय. त्याच्या इंग्रजीतलं मला अक्षर कळत नाही. पण चेंडू हातातून सुटायच्या आधी त्याचा आवाज जरासा वर जातो, तेवढं कळतं. लिनच्या वेळी तो वर गेला की मी श्वास धरायचो.

त्याला आम्ही जाड्या म्हणतो. मध्येच तो गप्प होतो, तेव्हा चेंचो म्हणतो, खातोय. बिएन्वो म्हणतो, काटकुळा असणार, टक्कल असणार, घरी बायको बोलू देत नसणार. पैज लागलीय, पण सोडवणार कोण?

भाषांतर मिस आयव्ही करते. तिचे आईबाप इंग्रजांच्या बेटावरून ऊस तोडायला आले आणि इथलेच झाले. ऐंशीच्या पुढे आहे, चर्च वेगळं, गाणी वेगळी, पण इंग्रजी पक्कं. जाड्या एकदम लांबलचक काहीतरी बोलतो आणि ती म्हणते, "बॉल." आम्ही विचारतो, एवढंच? ती म्हणते, "बाकीचं तो आपल्या सासूविषयी बोलतोय."

१४ मे, बुधवार

लिनचा फोन आला.

"पापा, काल ऐकलंत?"

काल त्यानं म्हणे दोघांना बाद केलं. दुकानात आरोळी झाली होतीच. मला खोटं बोलायचं नव्हतं. म्हटलं, "दुकानात सगळे किती ओरडत होते!"

"तुम्ही ऐकलंत का?"

"बैलांचं होतं जरा. खूर दुखावलाय."

तो म्हणाला, "आईला द्या."

१५ मे, गुरुवार

त्याला सांगून टाकावं का? माझी आई म्हणायची, नवस बोलून दाखवला की तो हवेत जातो, मातेपर्यंत पोचत नाही. तिनं स्वतः माझ्यासाठी काय नवस केला होता, ते मरेपर्यंत सांगितलं नाही. फक्त त्या वर्षी तिनं मीठ खाल्लं नाही, एवढंच मला कळलं.

१७ मे, शनिवार

आज दुकान एकाएकी गप्प झालं. डॉमिनोही थांबले. बराच वेळ असंच. मग आरोळी आली. उशिरा, आणि जरा जास्तच मोठी. जिंकले असतील.

फोन आणायला गेलो तेव्हा चेंचो फ्रिजमध्ये डोकं घालून बाटल्या लावत होता. पाठ न वळवताच म्हणाला, "छान झालं, कुंपाद्रे. छान." मिस आयव्ही लवकर घरी गेली होती.

२० मे, मंगळवार

नेरेयदा सकाळी उकडलेली कच्ची केळी कुटताना एकदम म्हणाली, "लिन मला विचारतो, पापा का ऐकत नाहीत. काय सांगू?"

"सांग, कामात असतात."

"कामात! पोरगा जन्मला तेव्हा तू दवाखान्याच्या बाहेर कानाला रेडिओ लावून उभा होतास. मुलगा झाला म्हणून सांगायला आलेल्या बाईला तू म्हणालास, एक मिनिट थांबा, दोन बाद आहेत!"

हे खरं आहे.

"तू चिडलायस का त्याच्यावर?" तिनं विचारलं.

"छे!"

"मग हे काय चाललंय?"

मी ताट उचलून बाहेर गेलो. तिनं मागून मुसळ जरा जोरातच आपटलं.

२३ मे, शुक्रवार

आता मला आरोळ्या वाचता येतात. चेंचो दोन बोटं तोंडात घालून शिट्टी मारतो, म्हणजे स्ट्राइक, लिनचा चेंडू बरोबर पडला. बिएन्वो टेबलावर पंजा आपटतो, म्हणजे बाद. मिस आयव्ही तिच्या चर्चमधल्या गाण्याची एक ओळ म्हणते, म्हणजे तिघेही बाद, डाव संपला. ती ओळ भिंतीवरून येते तेव्हा मी हातातलं काम ठेवतो आणि छातीवर क्रूसाची खूण करतो.

लिन या आठवड्यात सारखा येतोय. माते, तुझी कृपा.

२५ मे, रविवार

आज मातृदिन. त्यानं आईला फोन केला. ती आतल्या खोलीत बोलत बसली. दार लोटलेलं. बाहेर आली तेव्हा डोळे लाल. म्हणाली, कांदा. चुलीवर तर काहीच नव्हतं.

आईला पोराची आठवण येणारच.

२८ मे, बुधवार

रोज आरोळी. शनिवारी, रविवारी, काल, आज. चेंचोला म्हटलं, "रोज कसा टाकतो रे? हाताला विश्रांती नको?"

"तुझा पोरगा आहे तो! हात कसला, कारखान्याचं इंजिन आहे!"

"आता वर बोलावतील, नाही?"

"बोलावतील," तो म्हणाला आणि गिऱ्हाईक नसताना तांदूळ मोजायला लागला.

घरी येताना रस्त्यात मी मोठ्यानं गात होतो. बिएन्वोच्या म्हातारीनं खिडकीतून विचारलं, "प्यायलास का रे शेवटी?"

१ जून, रविवार

झालं ते सगळं लिहितो.

सकाळी मिस्सेच्या आधीच वीज गेली. घंटेला वीज लागत नाही, ती वाजवली. मिस्सा झाल्यावर फोन नेहमीसारखा चेंचोकडे ठेवला. दुपारी फादर अन्सेल्मोंना विचारायचं होतं, उद्या चर्चचा रंग काढायचा का. नेरेयदाच्या फोनवरून लावायला गेलो तर एकही रेघ नाही. शेजारीही तेच. विजेपाठोपाठ टॉवरही गेला होता. म्हटलं, असू दे. अंगणात खुर्ची टाकून शेंगा सोलत बसलो.

दोन वाजले, म्हणजे सामना सुरू. चारच्या सुमाराला शिट्टी. मग पंजा. मी हसलो. पुन्हा शिट्टी. मी स्वतःशी म्हटलं, शाबास, लिन! आणि मग शेंग हातातच राहिली. हे ऐकतायत कशावर?

उठलो. भिंतीच्या कडेनं गेलो. दुकानाच्या दारात गोणपाटाचा पडदा आहे, त्याच्या बाहेर उभा राहिलो. माझा फोन बिअरच्या खोक्यावर पालथा पडलेला. सगळे डॉमिनो खेळत होते.

बिएन्वो म्हणाला, "आता कितवा डाव धरायचा?"

"आठवा," चेंचो म्हणाला. "आठव्यात आणला म्हणू त्याला."

"कालही आठव्यातच आणला होतात," मिस आयव्ही म्हणाली. "आज सातवा म्हणा. एव्हारिस्तोला संशय येईल. तो साधा आहे, पण बेसबॉल कळतं त्याला."

"बरं, सातवा. पण तुम्ही गाणं जरा हळू म्हणा. काल तर असं म्हटलंत, जणू चषक जिंकला!"

"माझा घसा हळू गात नाही, बाळ. शिट्टी मार. मार आता."

चेंचोनं दोन बोटं तोंडात घातली आणि मी पडदा सारला.

शिट्टी अर्धीच निघाली.

बिएन्वो ताडकन उठला. "एव्हारिस्तो! काय पोरगा आहे तुझा! आत्ताच..."

"टॉवर सकाळपासून बंद आहे, बिएन्वो."

त्यानं माझ्याकडे पाहिलं, मग पालथ्या फोनकडे, मग बंद पंख्याकडे. कुणाच्या लक्षातच आलं नव्हतं! फोन लावणं त्यांनी केव्हाच सोडलं होतं, तर टॉवर गेल्याचं कळणार कसं? बिएन्वो हळूच खाली बसला. एक डॉमिनो टेबलावरून पडला, कुणी उचलला नाही.

चेंचोनं सांगितलं. १७ तारखेला लिननं चेंडू टाकला आणि कोपर धरून तिथंच वाकला. जाड्या बोलता बोलता गप्प झाला. यांना वाटलं, खातोय. मिस आयव्ही म्हणाली, नाही, त्याला बोलणं सुचत नाहीये. त्यानंतर लिन मैदानात उतरलेलाच नाही. कोपराच्या आतली शीर गेलीय. डॉक्टर म्हणतात ऑपरेशन करावं लागेल, आणि मग वर्षभर काही नाही.

"मला का नाही सांगितलं?"

चेंचो बाटलीचं लेबल खरवडत राहिला. "त्यानंच फोन केला, कुंपाद्रे. त्याला मैदानाबाहेर नेलं, त्यानंतर लगेच. म्हणाला, मी वाईट खेळतो म्हणून पापांनी ऐकणं सोडलं. आता हातही गेला हे कळलं तर नावही घेणार नाहीत. बरा होऊन उतरेन तेव्हा सांगा. तोवर त्यांना वाटू दे मी खेळतोय."

मी खोक्यावर बसलो.

"रडत होता," बिएन्वो म्हणाला. "मीच म्हटलं, आपण ओरडायचं. तू अंगणात बसून कान देतोस हे सगळ्या गावाला ठाऊक आहे. सुरुवातीला एकदाच ओरडणार होतो. मग तू दुसऱ्या दिवशी इतका खुशीत आलास, चेंचोच्या बायकोला पपई आणून दिलीस..."

"शिव्या द्यायच्या तर दे," चेंचो म्हणाला.

शिव्या कुठल्या सुचतायत! मिस आयव्हीनं माझा हात धरला. "मी एकही खोटा शब्द बोलले नाही, पोरा. मी फक्त गाणं म्हटलं. देवाचं गाणं माणसानं केव्हाही म्हणावं." मग म्हणाली, "रोज ते म्हणताना त्याच्या कोपरासाठीच म्हणत होते."

फोन उचलला आणि घरी आलो. नेरेयदा दारातच होती. माझ्या तोंडाकडे बघून तिला कळलं. तिलाही ठाऊक होतं. मातृदिनापासून.

२ जून, सोमवार

आज सामना नसतो.

रात्रभर एकच. मी ऐकणं दिलं आणि त्याचा हात गेला, हा कसला सौदा, माते? मग स्वतःच्याच तोंडात मारून घ्यावीशी वाटली. सौदा तिनं केलाच नव्हता. काचेवर हात टेकवून मीच बोललो होतो. ती कुठं काही म्हणाली?

त्याला वाटतं मी तोंड फिरवलं. मी! दूध पिणारा होता तेव्हापासून त्याला मांडीवर घेऊन मी रेडिओ ऐकलाय. बाटली तोंडात, कान रेडिओला, असा वाढला तो.

३ जून, मंगळवार

नेरेयदाला नवसाचं सांगितलं. ती म्हणाली, "वेड्या." आणि माझ्या डोक्यावर हात ठेवला. लग्नानंतर पहिल्यांदाच असेल.

मग म्हणाली, "त्याला सांग."

"सांगितलं की मोडतो."

"मोडू दे!"

"आणि हात या नवसावरच बरा होणार असेल तर?"

ती उठून चुलीपाशी गेली. संध्याकाळी सामना होता. फोन नेऊन दिला. सवय झालीय हाताला. चेंचोनं काही न बोलता घेतला. आज कुणी ओरडलं नाही. अंगणात बसवेना म्हणून आत आलो.

४ जून, बुधवार

फादर अन्सेल्मोंकडे गेलो. ते शिडीवर चढून भिंत खरवडत होते. मी शिडी धरली आणि खालून सगळं सांगितलं. त्यांनी वरूनच विचारलं, "किती वर्षं चर्चची घंटा वाजवतोस, एव्हारिस्तो?"

"लहानपणापासून."

"मग माता बहिरी नाही हे तुला कळायला हवं होतं. ती ऐकते तर तू का नाही?"

चुन्याचा पोपडा माझ्या डोळ्यात गेला. ते खाली उतरले, मला बाकावर बसवलं. स्वतःच्या रुमालानं डोळा पुसला आणि आवाज खाली आणून बोलले. म्हणाले, "तू मनापासून दिलंस, ते वाया गेलं नाही. नवसातून मोकळं करायचा अधिकार मला आहे. केलं तुला मोकळं. पण तो चटका पोराला बसला, आणि तो तूच निववायला हवा. ते मी करू शकत नाही."

"आणि हाताला काही झालं तर, फादर?"

"हाताला झालंय आधीच. तुझा नवस चालू असताना झालंय."

मी त्यांच्या रुमालाची घडी घालत बसलो.

"भीती वाटते?"

"हो."

"वाटणारच. भीतीतून मोकळं करायचा अधिकार मला कुणी दिलेला नाही. ती घेऊनच फोन लाव." मग शिडीवर पाय ठेवता ठेवता म्हणाले, "एक सांग, रोजच्या त्या आरोळ्या खोट्या होत्या?"

"हो, फादर."

"अरे देवा! मी तीन रविवार प्रवचनात त्याचं उदाहरण दिलं!"

५ जून, गुरुवार

दिवसभर दोन्ही बैलांना, कोराल आणि लुसेरोला, नदीवर धुतलं. हंगाम संपला. त्यांना आता महिनेच्या महिने ओझं नाही. पाण्यात उभे राहून दोघंही डोळे मिटून घेतात.

लिनला म्हणायचं काय, ते पाण्यातच जुळवत होतो. जुळलं की सुटायचं. हात बरा होईल म्हणू? मला काय माहीत! घरी ये म्हणू? त्याला वाटेल, आता खेळाची आशा सोडली. नवस सांगू? म्हणेल, इतके दिवस एका शब्दानं बोलला नाहीत.

संध्याकाळी फोन हातात घेतला. त्याचं नाव काढलं. ठेवून दिला. पुन्हा काढलं. नेरेयदा चुलीपाशी पाठ करून उभी होती, पण पळी हलत नव्हती.

नाही लावला. फोन चेंचोकडेही नेला नाही. उशीखाली ठेवलाय, आणि तो तिथं आहे हे कळतंय.

६ जून, शुक्रवार

लावला.

संघ बाहेरगावी गेला होता, खोलीत लिन एकटाच. त्यानं उचलला तेव्हा त्याच्या मागून जाड्याचा आवाज येत होता. पोरगा रेडिओवर सामना लावून बसला होता, माझ्यासारखाच. नवस सांगितला. सगळा. बराच वेळ तिकडून फक्त जाड्या बोलत राहिला. मग लिननं नाक पुसलं आणि म्हणाला, "पापा, एक बाद आहे, दुसऱ्या बेसवर माणूस. आपलाच पिचर आहे, घाबरलाय. ऐका आता."

शेवटच्या चेंडूपर्यंत ऐकलं.